कपाटाखालचा शब्द

सोमवारी सकाळी इंग्रजीच्या बाईंनी शिट्टीच्या हातात एक चिठ्ठी ठेवली आणि त्या शांतपणे निघून गेल्या. एखादीनं आपलं रडकं बाळ दुसऱ्याकडे द्यावं आणि "आलेच हं" म्हणत परगावची गाडी पकडावी, तशा.

चिठ्ठीवर एक इंग्रजी शब्द होता. नुसता शब्द. अर्थ नाही, उच्चार नाही, धीराचं एक वाक्य नाही. अक्षरं सोळा. शिट्टीनं ती तीनदा मोजली, कारण पहिल्यांदा पंधरा आली आणि दुसऱ्यांदा सतरा.

आता तो शब्द इथे लिहायला तशी हरकत नाही. पण देवनागरीत लिहायचा म्हणजे उच्चार लिहिणं आलं, आणि उच्चार लिहिणं म्हणजे पुढे जे भांडण होणार आहे त्यात आत्ताच एका बाजूला मत देणं आलं. तेव्हा एवढंच सांगू या, की 'अल्ट्राक्रेपि'पर्यंत साऱ्या जगाचं एकमत होतं. त्यानंतरच्या शेपटाबद्दल मात्र जितकी तोंडं तितके उच्चार. आपण त्याला आपला सोळाअक्षरी म्हणू.

शिट्टी नववीत होती. गेल्या वर्षापर्यंत ती हजेरीला "हजर" इतक्या हळू म्हणायची, की अकरा दिवस ती वर्गात बसलेली असतानाही गैरहजर ठरली होती. या वर्षी एकदा परिपाठाला माइकवाली मुलगी आजारी पडली, कुणीतरी हिला पुढे ढकललं, आणि हिच्या तोंडून असा काही आवाज निघाला की शेवटच्या रांगेतल्या मुलांनी कानांवर हात ठेवले. तेव्हापासून ती शिट्टी. कुकरची. नाव चिडवायला ठेवलं होतं. तिनं ते पदवीसारखं घेतलं.

दर शुक्रवारी परिपाठात 'आठवड्याचा शब्द' सांगायचा मान आता तिचा होता. पण त्या मानाला बाईंचे नियम चिकटलेले होते, आणि ते माइकच्या कपाटावर प्लॅस्टिकच्या आवरणात लावलेले होते. अर्थ आणि उच्चार छापील कोशातूनच घ्यायचा, फोनवरून नाही. कोशाचा पान क्रमांक सांगायचा. आणि तिसऱ्या नियमाखाली दोन रेघा होत्या: उच्चार चुकला, की माइक परत. परत म्हणजे 'ब' तुकडीतल्या त्या चष्मेवालीला, जी गेले तीन आठवडे पहिल्या रांगेत उभी राहून शिट्टीच्या ओठांकडे मांजरासारखी बघत होती.

"एक शब्द तर आहे," आई म्हणाली. "एवढं काय त्यात?"

हे वाक्य लक्षात ठेवा. जगातले सगळे गोंधळ याच वाक्यानं सुरू होतात.

घरातल्या छोट्या कोशात 'अल्टिमेटम'नंतर थेट 'अंब्रेला', म्हणजे छत्रीच आली. मधे काही नाही. नियम मोडायचा नव्हता, पण ऐकायला काय जातंय म्हणून शिट्टीनं फोनला विचारलं. फोनमधल्या बाईनं एक उच्चार सांगितला. दुसऱ्या ठिकाणच्या पुरुषानं वेगळाच सांगितला, आणि तोही इतक्या घाईत, जणू मागे कुणी रांगेत उभं होतं.

"फोनचं काय घेऊन बसलीस?" बाबा म्हणाले. "तो आपलं आडनावसुद्धा धड घेत नाही."

बाबा नोंदणी कार्यालयात होते. जन्म, मृत्यू, लग्न, जे काही माणसाच्या आयुष्यात घडतं ते त्यांच्या टेबलावरून गेल्याशिवाय घडलं असं ते मानत नसत. शिवाय ते इमारतीच्या समितीचे चिटणीस होते, म्हणजे घरी आल्यावरही त्यांची नोंदणी चालूच.

इतक्यात दुसऱ्या मजल्यावरचे निवृत्त इंजिनीअर काका इस्त्री परत करायला आले. त्यांनी इस्त्री खाली ठेवली, चिठ्ठी उचलली, हातभर लांब धरली.

"सोप्पंय," ते म्हणाले. "अल्ट्राक्रेपि-डायरियन. अल्ट्रा म्हणजे अति. क्रेप म्हणजे सरपटणं. अति सरपटणारा. एखादा जंतू असणार."

"क्रेप नाही काका, ते क्रीप," शिट्टी म्हणाली.

"अगं, मी पस्तीस वर्षं पूल बांधलेत!"

पुलाचा आणि जंतूचा काय संबंध, हे शिट्टीला विचारायचं होतं. पण आईनं डोळे मोठे केले.

तोवर दार उघडंच असल्यामुळे समोरच्या दातांच्या डॉक्टर काकू आत डोकावल्या. त्यांच्या मते शेपूट 'डारियन' होतं आणि प्रकरण हिरड्यांचं होतं. "आमच्याकडे असे शब्द रोज असतात गं. जीभ वरच्या दातांना टेकव आणि म्हण. नाही, अशी नाही. आ कर बघू." शिट्टीनं आ केला. पुढची पाच मिनिटं सोळाअक्षरी बाजूलाच राहिला आणि तिच्या डावीकडच्या दाढेवर चर्चा झाली.

मंगळवारी ती ग्रंथालयात गेली. तिथे एक मोठा पाच खंडांचा कोश आहे, हे तिला ठाऊक होतं. फळीवर दुसरा, तिसरा आणि चौथा खंड होते. दोन्ही टोकं गायब.

"पाचवा खंड हवाय," ती ग्रंथपालांना म्हणाली.

"तो संदर्भासाठी आहे. घरी मिळणार नाही."

"मला इथेच बघायचाय."

"इथे बघता येत नाही."

"का?"

ग्रंथपालांनी पेनानं कोपऱ्याकडे दाखवलं. तिथे एक लोखंडी कपाट उभं होतं. अवाढव्य. त्याच्या पुढच्या डाव्या पायाखाली पाचवा खंड होता, आणि मागच्या उजव्या पायाखाली, भिंतीच्या बाजूला, पहिला.

"फरशी खचलीय," ग्रंथपाल म्हणाले. त्यांच्या आवाजात खेद नव्हता. उलट एक प्रकारचा अभिमान होता. "चांगली बांधणी आहे हं पुस्तकाची. सहा वर्षं झाली, हूं नाही की चूं नाही."

शिट्टीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. मराठीत ती नुसती जाते. शिट्टीच्या बाबतीत ती वाफेसकट बाहेरही येते. वाचनालयातले पेपर वाचणारे दोन आजोबा एकदम ताठ बसले.

"अहो, पण ते पुस्तक आहे! वाचायचं असतं ते!"

"कपाट हलवायचं तर अर्ज करा. समितीपुढे ठेवू. समिती महिन्याच्या शेवटच्या शनिवारी बसते."

"माझा शब्द या शुक्रवारी आहे!"

"मग पुढच्या महिन्यात दुसरा घ्या," ग्रंथपाल समजुतीच्या सुरात म्हणाले. "शब्दांना काय तोटा आहे?"

हे सगळं तिनं घरी धापा टाकत सांगितलं आणि तिथेच चूक केली. कारण 'समिती' हा शब्द कानावर पडताच बाबांनी चष्मा लावला.

"बुधवारी आपली सभा आहेच," ते म्हणाले. "विषय घेऊन टाकतो. गच्चीच्या गळतीनंतर, सायकलींच्या आधी."

"बाबा! उच्चार असा सभेत ठरत नसतो!"

"मग कुठे ठरतो?"

या प्रश्नाचं उत्तर शिट्टीला पटकन सुचलं नाही, आणि बाबांच्या कार्यालयात उत्तर न येणं म्हणजे संमती समजतात.

बुधवारची सभा जिन्याखालच्या मोकळ्या जागेत झाली. एकोणीस माणसं आणि सोळा खुर्च्या. पाऊण तास गच्चीच्या गळतीत गेला. गच्चीचं काम इंजिनीअर काकांच्या देखरेखीखाली झालं होतं आणि वरच्या दोन मजल्यांवर भिंतींना पोपडे आले होते, त्यामुळे वातावरण आधीच तापलेलं. मग बाबांनी घसा साफ करून वाचलं, "विषय क्रमांक सात. चिटणीसांच्या कन्येस शाळेत सांगावयाच्या एका इंग्रजी शब्दाचा उच्चार निश्चित करणे."

कन्येला खुर्चीखाली जावंसं वाटलं. पण ती खुर्ची मिळालेल्या सोळांत नव्हती.

"डायरियन," इंजिनीअर काका म्हणाले.

"डारियन," डॉक्टर काकू म्हणाल्या.

"कोश बघितलाय का कुणी?" शिट्टी म्हणाली.

"तू मधे बोलू नकोस, मोठ्यांचं चाललंय," सगळे म्हणाले. मूळ शब्द तिचा होता, हे या घटकेला तिच्याशिवाय कुणाच्याही लक्षात नव्हतं.

मतदान झालं. हात वर करून. ज्यांच्या छतातून पाणी गळत होतं ते सगळेच्या सगळे डारियनच्या बाजूनं गेले. चौथ्या मजल्यावरच्या वहिनींनी तर दोन्ही हात वर केले. "शब्द काय का असेना," त्या म्हणाल्या, "पण ह्यांचं काही बरोबर असेल यावर माझा विश्वास नाही." अकरा विरुद्ध सहा. दोन तटस्थ, त्यांतली एक आई, जी लसूण सोलत बसली होती. ज्यांच्या भिंती कोरड्या त्यांचा डायरियन हरला. इंजिनीअर काका ताडकन उठून गेले, आणि जाताना आपली खुर्चीही घेऊन गेले.

बाबांनी ठराव इतिवृत्तात घेतला. सूचक, अनुमोदक, बहुमताने संमत. शब्दाच्या अर्थाचा मुद्दा पुढील सभेपर्यंत स्थगित. मग त्यांनी त्याची एक स्वच्छ प्रत काढली, खाली सही केली, इमारतीचा शिक्का मारला आणि ती शिट्टीच्या दप्तरात सरकवली.

"बाईंना दाखव," ते प्रेमानं म्हणाले. "आता शंकेला जागा नाही."

राग कुणाचा धरायचा? वाईट वागणाऱ्यांचा धरता येतो. पण ही माणसं मदत करत होती! शिट्टीनं रात्री उशीला सांगितलं, की यांच्या भिंतींना पोपडे आले यात माझ्या शब्दाचा काय दोष?

गुरुवारी जिन्यात तिला चार जणांनी अडवलं. "म्हण बघू!" "डा-रि-यन, डा लांबव!" दुधाची पिशवी घेऊन येणाऱ्या वहिनींनी सल्ला दिला, की नाहीच जमलं तर शब्दाच्या वेळी खोकायचं. इंजिनीअर काकांनी मात्र गुड मॉर्निंगसुद्धा घेतलं नाही. पराभवाची जबाबदारी त्यांनी तिच्यावर टाकली होती.

या सगळ्यांना चुकवत, शाळा सुटल्यावर ती ग्रंथालयाकडे तणतणत निघाली. एखाद्या चपलेनं इतका राग सोसायचा म्हणजे किती? नाक्यावर उजव्या सँडलचा पट्टा तुटला.

नाक्यावर चप्पलवाले काका बसायचे. पुढ्यात ऐरण, शेजारी जुन्या टायरचे तुकडे, दातांत खिळे. शिट्टी एका पायावर लंगडत त्यांच्यापर्यंत पोचली, सँडल पुढे केली आणि विचारलं नसतानाही पहिल्यापासून सगळं सांगितलं. चिठ्ठी, जंतू, हिरड्या, कपाट, गळती, अकरा विरुद्ध सहा. श्वास घ्यायला थांबली तेव्हा तिला एकदम धोका जाणवला. आता हेही काहीतरी सांगणार. डायरियन, नाहीतर डारियन, नाहीतर आणखी तिसरंच.

काकांनी दातांतले खिळे काढून तळहातावर घेतले.

"मला नाही बुवा माहीत," ते म्हणाले.

शिट्टी बघतच राहिली. सोमवारपासून गुरुवारपर्यंत हे वाक्य तिनं कुणाच्या तोंडून ऐकलं नव्हतं. इतकं छोटं वाक्य! जीभ कुठेही टेकवावी लागत नाही.

"पट्टा शिवून टिकायचा नाही," ते सँडल उलटसुलट करत म्हणाले. "नवा घालावा लागेल. शनिवारी ने. तोवर ही घालून जा." त्यांनी तिच्या पुढ्यात एक भलीमोठी पुरुषी चप्पल टाकली. मग थोडं थांबून विचारलं, "ते कपाट किती उचललंय म्हणालीस?"

"म्हणजे?"

"पुस्तक जाड किती?"

तिनं अंगठा आणि तर्जनी ताणून दाखवली. काकांनी त्या दोन बोटांमधल्या जागेकडे एक डोळा मिटून पाहिलं, टायरचे चार तुकडे कापले, एकावर एक चिकटवले, कडेनं खिळे ठोकले आणि वरून ठोसा मारून बघितला.

"कपाट असलं तरी पायच आहे ना? हे घाल त्याच्या पायात."

ग्रंथपालांनी तो ठोकळा पाहिला, वास घेतला, मग शिट्टीच्या पायांतल्या दोन वेगवेगळ्या चपलांकडे पाहिलं. "कपाट हलवायला समितीची परवानगी लागते," त्यांनी आठवण करून दिली.

"हलवायचं कुठे आहे?" शिट्टी म्हणाली. इतकी वर्षं ती बाबांच्या घरात उगीच राहिली नव्हती. "नुसतं उचलायचंय. जिथल्या तिथे."

ग्रंथपाल विचारात पडले. त्यांनी नियमांची वही काढली, बोट फिरवलं, आणि त्यांचा चेहरा हळूहळू उजळला. "उचलण्याबद्दल काही नाही," ते म्हणाले आणि बाह्या सरसावल्या. पेपरवाले दोन्ही आजोबा तर केव्हाचेच उठून आले होते. हुश्श करून कपाट वर गेलं, शिट्टीनं खंड ओढला, ठोकळा आत सरकवला. कपाट खाली आलं. करकरलं. उभं राहिलं.

पान एक हजार आठशे बारा. शब्द होता! सहा वर्षं लोखंडाखाली राहून थोडा चपटा झाला होता, पण सोळाच्या सोळा अक्षरं शाबूत. आणि अर्थ असा: स्वतःला ज्या विषयातलं काही कळत नाही त्यावर मत देणारा माणूस.

शिट्टी हसली. आधी हळू, मग कुकरसारखी. डोळ्यांसमोर अख्खी सभा आली, एकोणीस माणसं आणि सोळा खुर्च्यांसकट.

मग तिनं खाली बारीक अक्षरांत शब्दाची जन्मकथा वाचली आणि हसू थांबलं. फार जुन्या काळी म्हणे एका चित्रकारानं चित्र काढलं. एका चपला शिवणाऱ्यानं त्यातल्या चपलेची चूक दाखवली. चित्रकारानं ती सुधारली. दुसऱ्या दिवशी तो शिवणारा चित्रातल्या पायालाही नावं ठेवू लागला, तेव्हा चित्रकारानं त्याला सुनावलं की चपलेच्या वर येऊ नकोस. त्यावरून हा शब्द.

"काय?" शिट्टी इतक्या जोरात म्हणाली, की ग्रंथपालांनी स्वतःच 'शांतता राखा'च्या पाटीकडे पाहिलं. जगात इंजिनीअर होते, दातांचे डॉक्टर होते, चिटणीस होते, आणि शब्द बनवायला यांना सापडला कोण? चप्पलवाला! आणि बाकीचे सगळे शेकडो वर्षं मोकळे सुटले!

राहिला उच्चार. तो कंसात दिला होता, पण कसल्या कसल्या खुणांत. एक उलटा ई, एक काडी वर, एक काडी खाली. तळाशी टीप होती: खुणांच्या खुलाशासाठी पाहा खंड पहिला, पान नऊ.

सगळ्यांनी एकदम मागच्या उजव्या पायाकडे पाहिलं. ठोकळा एकच होता, आणि ग्रंथालय बंद व्हायची वेळ झाली होती.

शुक्रवारी परिपाठाला आठशे मुलं मैदानात उभी होती. पहिल्या रांगेत चष्मेवाली. बाजूला बाई, हातांची घडी घालून. दप्तरात शिक्क्याची प्रत. कानांत अख्खी इमारत. डा लांबव. खोक. ठणकावून बोललं की खरं वाटतं, हे तर बाबांनी सकाळी बूट घालताना शेवटचं सांगितलेलं.

शिट्टीनं माइक धरला. शब्दाचं स्पेलिंग सांगितलं. अर्थ सांगितला. पान क्रमांक सांगितला. चपला शिवणाऱ्याची गोष्ट सांगितली, आणि कुणी न विचारताच या शब्दाचा आपण निषेध करतो असंही सांगून टाकलं. मग आली ती जागा.

"उच्चार," ती म्हणाली. गेल्या वर्षीची ती, हळू "हजर" म्हणणारी, आतून वर यायला लागली. तिला तिनं तिथेच थांबवलं. "आमच्या इमारतीत अकरा विरुद्ध सहा मतांनी एक उच्चार मंजूर झालाय. फोनमध्ये आणखी दोन आहेत. बरोबर कुठला, ते मला माहीत नाही."

शेवटच्या रांगेपर्यंत गेलं. माहीत नाही, हे वाक्य इतक्या मोठ्यानं त्या मैदानात कधी कुणी म्हटलं नव्हतं. आणि मग आठशे मुलांचा जो काही हशा उठला! चष्मेवाली एक पाऊल पुढे आली आणि तिनं माइकसाठी हात पुढे केला.

बाई व्यासपीठावर आल्या. शिट्टीनं माइक घट्ट धरला.

"नियम काय म्हणतो?" बाईंनी विचारलं.

"उच्चार चुकला की माइक परत," शिट्टी म्हणाली. "पण मी तो केलाच नाही, तर चुकला कसा?"

बाईंनी दूर कपाटावरच्या प्लॅस्टिकच्या आवरणाकडे पाहिलं. तिथे 'माहीत नाही'साठी नियम नव्हता. मग त्या वाकून हळूच शिट्टीच्या कानात म्हणाल्या, "अगं, मलाही नक्की माहीत नाही. म्हणून तर तुला दिला." माइक मधेच होता आणि चालू होता. आठशे मुलांनी ते ऐकलं. बाईंचे कान लाल झाले. त्या सरळ उभ्या राहून म्हणाल्या, "सोमवारपर्यंत मुदत. पहिला खंड, पान नऊ. तोपर्यंत माइक तुझ्याकडे." चष्मेवालीचा हात बराच वेळ हवेत तसाच होता.

घरी बाबांनी सगळं ऐकून घेतलं. त्यांना लागलं, चिटणीसांचा शिक्का प्रथमच निरुपयोगी ठरला होता. मग त्यांनी इतिवृत्ताच्या वहीत लिहिलं: 'ठराव क्रमांक सात फेरविचारार्थ. चिटणीसांस माहीत नाही.' लिहून झाल्यावर त्यांना बरं वाटलं असावं, कारण त्याखाली त्यांनी शिक्का मारला.

शनिवारी शिट्टी सँडल आणायला गेली. नवा पट्टा झकास बसला होता. तिनं मोठी चप्पल परत केली आणि मग जड मनानं त्या शब्दाची जन्मकथा सांगितली, कारण ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांना निदान कळायला तरी हवं. सांगता सांगता ती पुन्हा तापली. "आणि हे पुस्तकात छापलंय काका! आपण पत्र लिहू या त्यांना!"

काका खिळा ठोकत ऐकत होते.

"चपलेची चूक त्यानं बरोबर काढली होती?" त्यांनी विचारलं.

"हो. चित्रकारानं सुधारलीसुद्धा."

"मग झालं की." त्यांनी टायरचा तुकडा पुढे ओढला आणि सुरी पाजळली. "मागच्या पायाचं माप आणलंस का?"